दिगंबरमामांचं मनगट

॥ श्री ॥
शनिवार पेठ, पुणे २
१६ जानेवारी १९६४

तीर्थरूप सौ. आईस,
हेमाचा साष्टांग नमस्कार वि. वि.

मिरजेहून पाठवलेले तिळाचे लाडू पोचले. कुसुममामींनी ते वरवंट्याने फोडले, तेव्हा कुठे आम्हाला खाता आले. चव मात्र तुझ्याच हातची. माझा बी.एस्सी.चा अभ्यास ठीक चाललाय. परवा प्रयोगशाळेत अ‍ॅसिड उडून तुझ्या जांभळ्या साडीला भोक पडलं. रागावू नकोस, निऱ्यांत लपतं.

आता खरी बातमी. दिगंबरमामा बरे नाहीत. दिवाळीनंतर पोटात कळा सुरू झाल्या, तोंडाला सारखी धातूसारखी चव येते, चेहरा पांढराफटक पडलाय. एरवी ते तिरकस बोलतात, आता नुसतेच खेकसतात. आणि पंधरा दिवसांपासून उजवा हात मनगटापासून लोंबतो. वर उचलतच नाही. ज्या माणसाने सत्तावीस वर्षं नकाशांवर केसाएवढ्या बारीक रेषा ओढल्या, त्याला काल पेन धरता येईना. डॉक्टर म्हणाले, वय झालं, हवा बदला. मामांनी त्यांना विचारलं, की पुण्याची हवा बदलायला अर्ज कोणाकडे करायचा.

रविवारी त्यांनी मला समोर बसवून कचेरीचा राजीनामा लिहायला लावला. एक तारखेला देणार म्हणतात. लिहिताना माझ्या डोळ्यांतून पाणी आलं, तर म्हणाले, की शाई फुटेल, कागद बदल. मामींना यातलं काही सांगितलेलं नाही. तू त्यांना समजावणारं पत्र लिही.

बाबांना नमस्कार. माझ्यावर आहे तशीच माया राहू दे.

तुझी,
हेमा

॥ श्री ॥
मिरज
२२ जानेवारी १९६४

चि. हेमास अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून रात्रभर डोळा लागला नाही. दादाला समजावणं मला लहानपणापासून जमलेलं नाही. तो माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा, आणि हट्टाने तर नव्वद. तरी वेगळं पत्र लिहिलं आहे. वहिनींना मात्र सांगून टाक. घरातल्या माणसाचं दुखणं घरातल्यांपासून लपवण्यात काय शहाणपण?

पोट बिघडलं असताना तो रोज दोन्ही वेळा चिंचेचं सार ओरपतो ना अजून? मला तर त्याच्या वासानेच दात आंबतात. तुम्ही दोघी त्या साराला हात लावत नाही, म्हणजे सगळं पातेलं त्याचंच. गेल्या दिवाळीत मी आले तेव्हा वहिनींनी मोठ्या हौसेने पातेल्याला कल्हई करून घेतली होती. संध्याकाळी केलेलं सार दुसऱ्या दुपारपर्यंत त्यातच. आधी ते बंद करा, आणि मऊ भात द्या.

साडीचं नंतर बघू. तुझ्या बाबांनी विचारलंय, रसायनशास्त्रात साड्या सांधायचं शिकवतात का. जपून राहा, आणि दादाचं रोज एक ओळ तरी कळव.

तुझी,
आई

॥ श्री ॥
पुणे २
३० जानेवारी १९६४

तीर्थरूप सौ. आईस,
साष्टांग नमस्कार.

आई, तुझ्या पत्राने मामांचा हात वाचणार आहे! शांतपणे लिहिते.

पत्र कॉलेजला निघतानाच आलं. तासाला पुस्तकात ठेवून वाचत होते. बाई शिसं शिकवत होत्या. शिसं शरीरात साठलं तर काय होतं, ते त्या सांगत गेल्या: पोटात कळा, पांढरेपणा, चिडचिड, लोंबणारं मनगट. आणि माझ्यासमोर तुझं अक्षर, कल्हई आणि चिंच. कल्हई कथलाची असते, कथील निरुपद्रवी. पण त्यात स्वस्त शिसं मिसळलं असेल तर आंबट सारात ते उतरतं, आणि ते सार एकटे मामा पितात! मी तासातून उठून चालू लागले. बाईंनी हाक मारली, तीही ऐकली नाही.

दिवाळीत कल्हईवाला बजरंग आमच्या अंगणात बसला होता. तिथे फरशीच्या फटीत सांडून गोठलेला एक थेंब अजून होता. सुरीने खरवडून तो प्रयोगशाळेत नेला. बाई आधी रागावल्या, मग स्वतःच बाटल्या काढू लागल्या. नायट्रिक अ‍ॅसिडमध्ये कथलाची पांढरी भुकटी खाली बसली. वरचं पाणी गाळून त्यात पोटॅशियम आयोडाइडचे थेंब टाकले. आई, हळदीसारखा पिवळा साका! म्हणजे शिसंच. तापवल्यावर तो विरघळला, आणि निवताना नळीत सोन्याचे बारीक पत्रे चमचमत खाली उतरू लागले. इतकं सुंदर विष मी पाहिलं नव्हतं. मी रडतही होते आणि हसतही.

पातेलं माळ्यावर गेलं. मोठ्या इस्पितळात डॉक्टरांनी मामांच्या हिरड्यांवरची निळसर काळी रेघ दाखवली. इंजेक्शनं सुरू झाली आहेत. हात परत येईल, पण महिने लागतील, म्हणाले. मामा म्हणाले, की लोकांच्या रक्तात राजकारण असतं, संगीत असतं. आपल्या रक्तात मूलद्रव्य निघालं.

राजीनामा मामींनी चुलीत घातला. मामांना न विचारता.

अशीच लिहीत राहा, आणि प्रेम असू दे.

तुझी,
हेमा

॥ श्री ॥
पुणे २
१९ जुलै १९६४

चि. सौ. श्यामला हिस दिगंबरचे आशीर्वाद.

अक्षर वाकडं आहे, पण माझं आहे. तेव्हा नावं ठेवू नयेत.

बजरंगाचं तुला कळवायचं राहिलं. इस्पितळातून सुटल्यावर मी छत्री घेऊन त्याला फैलावर घ्यायला बिबवेवाडीला गेलो. वाक्यंसुद्धा तयार होती. तो दारात भाता ओढत बसला होता, डाव्या हाताने. उजवा हात लोंबत होता. अगदी माझ्यासारखा. मी छत्री भिंतीला टेकवून त्याच्याशेजारी बसलो. कथील महागलं, मंडईमागच्या एकाने कथील म्हणूनच स्वस्त कांड्या दिल्या, आणि वर्षभर तो त्याचाच धूर खातोय, असं कळलं. त्याची बायको मैना म्हणाली, की देवीचा कोप हाय म्हणून नवस बोललोय. मी म्हटलं, देवीला यातून वगळा, आणि त्याला बसमध्ये घातला. पुढे तीन महिने इस्पितळात आम्ही दोघे एकाच बाकावर नंबर लावून बसत होतो. एवढी सोबत मी कचेरीत कोणाला दिली नाही.

आता तो बरा आहे. काल आमच्या अंगणात त्याने पुन्हा भट्टी लावली. हेमाने खात्रीच्या दुकानातून शुद्ध कथलाच्या कांड्या आणून दिल्या. गल्लीतल्या बायका भांडी घेऊन आल्या, पण दूरच उभ्या. तेव्हा तुझ्या मुलीने व्याख्यान दिलं: शुद्ध कथलाची कांडी कानाशी धरून वाकवली की आतले स्फटिक एकमेकांवर सरकतात आणि ती कुरकुरते; शिसं मुकं असतं. मी बजरंगाला पाटी काढून दिली: ‘आधी कथील ऐका, मग भांडी द्या. ऐकू न आल्यास आधी कान दाखवून या.’

तरी कोणी पुढे येईना, म्हणून मीच उठलो. कांडी दोन्ही हातांत धरली आणि वाकवली. ती ओरडली म्हणतात. बायका हसल्या, कुसुमने डोळ्यांना पदर लावला, बजरंग उभा राहिला. मला मात्र ती दुसऱ्यांदा वाकवावी लागली, कारण पहिल्या वेळी माझं लक्ष आवाजाकडे नव्हतं, मनगटाकडे होतं.

सर्वांना यथायोग्य. माया आहेच, ती कमी करू नये.

तुझा,
दादा