आईचा आकडा

दि. १२ फेब्रुवारी, बुधवार

प्रिय दादा,

नमस्कार. पत्र बघून चक्रावला असशील. हाताशी फोन असताना ठमीला हे कसलं खूळ, असं वहिनीला म्हणालाही असशील. पण फोनवर तू "बरंय, बरंय" म्हणून सुटतोस आणि मीही तुला सुटू देते. पत्राचं तसं नाही. फार तर घडी करून बाजूला ठेवशील, पण वहिनी ते परत उशाशी आणून ठेवणार आहे. तिला मी तसं सांगून ठेवलंय.

इकडे सगळं ठीक. यांचा खोकला एकदाचा गेला. तुझी भाची वसतिगृहात रुळली, म्हणजे आता तिला आमची आठवण आठवड्यातून एकदाच येते. मला चष्मा लागला. वॉर्डातल्या नव्या मुली मला फार मान देतात, तेव्हा म्हातारी दिसत असणार. तिथला खिडकीजवळचा पलंग, ज्यावर आई होती, तो काढून टाकला. त्या जागी नवा आलाय, दांडा फिरवला की उशाकडून वर होतो.

परवा वहिनीचा फोन आला होता. खुब्याच्या ऑपरेशनला पाच दिवस झाले आणि तू दुखण्यावरचं इंजेक्शन घेत नाहीस म्हणे. कूस बदलताना ओठात दात रोवतोस, चालायला उठवलं की घामाने निथळतोस आणि परत आडवा होतोस. तिथली नर्स दहापैकी किती दुखतंय विचारते तेव्हा तिला "तीन" सांगतोस. वहिनीने हे सहज सांगितलं, तिला त्यात काही वाटलं नाही. मी फोन ठेवला आणि रजेचा अर्ज लिहिला.

आधी नर्स म्हणून बोलते, मग बहीण म्हणून. असा पडून राहिलास तर छातीत कफ धरेल, पायात रक्त साकळेल. तुझ्या वयाची माणसं ऑपरेशनमधून वाचतात आणि या पडून राहण्याने जातात. मी पाहिलीत. दुखणं कमी झालं तरच तू चालशील, आणि दुखणं कमी व्हायचं तर खरा आकडा सांगावा लागतो. शून्य म्हणजे काही नाही, दहा म्हणजे असह्य. चारच्या खाली असलं तर आम्ही गोळीवर भागवतो. म्हणून तुझ्या तीनला कुणी हलत नाही.

तू हे का करतोयस ते मला कळतं. आता बहीण म्हणून.

आईच्या शोकसभेत तू बोललास, "माझ्या आईने शेवटपर्यंत तीनच सांगितलं." सभागृहात लोक डोळे पुसत होते. शेजारच्या काकू म्हणाल्या, बाई असावी तर अशी, कधी हूं की चूं नाही. मी पहिल्या रांगेत बसून मान डोलावत होते. मग सहा महिन्यांनी तू आईचे रिपोर्ट घेऊन माझ्याकडे आलास. कॅन्सर हाडांत एवढा पसरल्यावर तीन असूच शकत नाही, असं तुला कुणा डॉक्टरने सांगितलं होतं. तू खुर्चीच्या कडेवर बसलास आणि विचारलंस, "मी तिला म्हणालो होतो, सोसलेलं देवापर्यंत पोचतं. म्हणून ती गप्प राहिली का गं?"

मी म्हणाले, "आता कशाला उगाळतोस? चहा टाकू?"

त्यानंतर तू प्रवचनाला उभा राहिला नाहीस. चार वर्षं झाली.

दादा, आई गप्प राहिली नव्हती. आमच्या वॉर्डात आणल्यावर तिसऱ्या दिवशी सकाळी मी चार्ट घेऊन गेले तेव्हा तिने स्पष्ट "आठ" सांगितलं. तुझं ते देवाचं बोलणं ऐकून झाल्यावर सांगितलं. तुझ्या बोलण्याने ती अडली नाही.

त्या आठवड्यात माणसं कमी होती, म्हणून तिचा चार्ट माझ्याकडे होता. आदल्या दिवशी राउंडला डॉक्टर सगळ्यांसमोर म्हणाले होते, "सिस्टर, तुमच्याच आईला जास्त दुखतं का?" सगळे हसले, मीही हसले, आणि ते मला लागलं. आपलं माणूस म्हणून वाढवून लिहिते, असं कुणी म्हणू नये एवढंच माझ्या डोक्यात होतं. इनचार्ज सिस्टर शेजारच्या पलंगापाशी उभ्या होत्या. मी आईला म्हणाले, "आई, आठ म्हणजे माणूस ओरडतो. तू तर चांगली बोलतेयस. नीट विचार करून सांग."

तिने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. मी लहानपणी शाळेतून उशिरा आले की बघायची, तसं. मग म्हणाली, "बरं, तू म्हणशील ते लिही."

मी तीन लिहिलं. पुढचे नऊ दिवस, जाईपर्यंत, तिने सगळ्यांना तीनच सांगितलं. डॉक्टरांना, काकूंना, तुला. माझं लिहिणं खोटं पडू नये म्हणून.

आमच्याकडे समुपदेशक बाई आहेत. त्यांना मी हे सांगितलं, एखाद्या पेशंटची गोष्ट असल्यासारखं. त्यांना कळलंच. म्हणाल्या, माणूस कधी कधी आपलं ओझं दुसऱ्याच्या खांद्यावर ठेवतो आणि मग त्याची काळजी करत बसतो. बरोबरच आहे त्यांचं. त्या याला अपराधभाव म्हणतात, काकू आईला सोशिक म्हणाल्या, तू भक्ती म्हणालास आणि नंतर स्वतःचं पाप म्हणालास. आई त्याला आठ म्हणाली होती. ते ऐकलं फक्त मी, आणि मीच खोडलं.

तेव्हा तू फेडावंस असं काही नाही. जे आहे ते माझं आहे. तू रागाव, वर्षभर बोलू नकोस, वहिनीला सगळं सांग. ते मी घेईन. पण माझ्या तीनसाठी तू दुखणं काढू नकोस. मला ते बघवणार नाही.

तुझ्या प्रवचनांची लोक अजून आठवण काढतात. मी कधी मन लावून ऐकली नाहीत, हेही आज सांगून टाकते.

शनिवारी सकाळच्या गाडीने येतेय. तुझ्या पलंगापाशी बसेन आणि विचारेन.

तू सांगशील तेच लिहिणारी,
ठमी