सातव्या डावातला निर्णय

लाडक्या नेडीन,

तुझं पुस्तक काल वाचून संपवलं. आपल्या बेसबॉल टीमची शंभर वर्षं, तिचे वेडे चाहते आणि अंतिम सामन्यात सातव्या डावात भरात चेंडू टाकणाऱ्या पिचरला, ड्यूईला, बाहेर बसवून सामना घालवणारा मॅनेजर, म्हणजे मी!

आज केस कापताना स्टॅन म्हणाला, "वॉल्ट, मी न्हावी असून तुझी बिनपाण्याने केली ती पोरीनेच!"

मी म्हटलं, "बापाला सूट देईल ती पत्रकार कसली?" सगळं दुकान हसलं. माझी छाती मात्र फुगली होती.

एकच गोष्ट तुला सापडली नाही. त्या दिवशी ड्यूईचा खांदा चांगलाच दुखावला होता. बाकावर तो हळूच म्हणाला, "कोच, कुणाला सांगू नका. कळलं तर मला कुणीच घेणार नाही." मी शब्द दिला. माझी नोकरी गेली, पण खांदा बरा होऊन तो पुढे सहा वर्षं खेळला. त्याचा मला आजही अभिमान आहे.

हे पत्र मी टपालात टाकणार नाही. खरं कळल्यावर तू ते छापल्याशिवाय राहणार नाहीस. तुला मी तसंच वाढवलंय.

तुझा बाप,
वॉल्ट