बारा मिनिटं, एक शब्द नाही

३ फेब्रुवारी
उद्या वळसंगला शूटिंग. माझी पहिली फिल्म! एकच शॉट, बारा मिनिटं. माळ, मेंढरं, म्हातारा धनगर. डायलॉग शून्य. शांतता हीच माझी स्टाइल. मुंबईवाल्यांना सात जन्मात जमणार नाही. संकल्प: सेटवर चिडायचं नाही.

४ फेब्रुवारी
सकाळी साडेसातला चिडलो. तो बिरदेव म्हातारा नुसता बोलतोय! गप्प बसा म्हटलं की व्हय की म्हणतो आणि परत सुरू. अकरा टेक वाया. ओरडून माझा घसा बसला.

५ फेब्रुवारी, दुपार
लाइट अप्रतिम, मेंढरं शिस्तीत, आणि म्हातारा बाराही मिनिटं मेलेल्या बायकोबद्दल बोलला. मायाक्का अशी हसायची, मायाक्का तशी भांडायची. अरे, कुणाला काय पडलंय? साउंडवाला सिद्धाराम हेडफोन लावून चक्क रडत होता. म्हणे, सर, हेच ठेवा की. हाकललं त्याला. फिल्म त्याची की माझी?

९ फेब्रुवारी
म्हाताऱ्याचा आवाज फिल्ममधून उडवला. नेटवरून वारा डाउनलोड करून टाकला. मास्टरपीस! ओठ हलतात, पण लांबून पान खातोय असंच वाटतं. मूळ फाइल्स कायमच्या डिलीट. मोह नको.

२ एप्रिल
फेस्टिव्हलचं उत्तर आलं. नाही. ज्युरी विचारते, म्हातारा काहीतरी सांगतोय पण ऐकू येत नाही, टेक्निकल प्रॉब्लेम आहे का? टेक्निकल प्रॉब्लेम! गाढवं लेकाची. ही फिल्म मातीतल्या माणसांनाच कळणार. वळसंगला जाऊन दाखवतो.

५ एप्रिल
दाखवली, लॅपटॉपवर. बिरदेव नवा पटका बांधून आला होता. म्हणाला, आवाज वाढवा की. वाढवला. वारा वाढला. त्याने कान स्पीकरला लावला आणि शेवटपर्यंत तसाच बसला. मग म्हणाला, माजं बोलणं कुटं गेलं? घरात कुणापुडं बोललो न्हाय, तितंच एकदा बोललो. तेवढं माज्या मोबाइलात घालून द्या.
मी म्हटलं, सोलापूरला घरी हार्डडिस्कमध्ये आहे. काय बोलणार होतो दुसरं? लई उपकार झालं म्हणाला. गुरुवारी येणार आहे.

९ एप्रिल, गुरुवार, दुपारी सव्वाबारा
बिरदेवचा फोन. सोलापुरात सात रस्त्याला एसटीतून उतरलाय. मी पुण्यात आहे असं सांगितलं. व्हय की, म्हणाला, थांबतो.
पत्ता विचारत आलाच. दाराबाहेर पायरीवर बसलाय. सिद्धारामकडे कॉपी असेल म्हणून तीनदा फोन केला, तो उचलत नाही. लाज वाटतेय. दार उघडायची हिंमत नाही. आवाज बाहेर जाऊ नये म्हणून पंखासुद्धा बंद करून बसलोय.