मिसेस टटल यांची साक्ष

फॉक्स फेरी, पेनसिल्व्हेनिया
ऑक्टोबर १८७४

प्रिय डोशा,

तुझं पत्र पोचलं. तुझ्या आईच्या झाडाची सफरचंदं उतरवून झाली. यंदाही भरपूर आली, पण खाणार कोण? घरकामाला येणारी हल्डा हल्ली नुसती पुटपुटते. परवा तिला म्हटलं, "अगं, जरा तोंड उघडून बोल!" तर पिठाचे हात कमरेवर ठेवून म्हणते, "ओरडतेच आहे मी, जजसाहेब!"

गावातली माणसंही बदलली. वकिली करत घोड्यावरून गावोगाव हिंडायचो, खाणावळीत एका खाटेवर तिघं वकील झोपायचो, तेव्हा हसण्याला तोटा नव्हता. विधानसभेत शाळांच्या कायद्यासाठी भांडलो, तेव्हा हीच माणसं रस्त्यात अडवून बोलत राहायची. आता दुकानात शिरलो, की लांबून हात उंचावतात आणि पुन्हा एकमेकांकडे वळतात. मला वाटायचं, न्यायाधीशाच्या नशिबी हे असायचंच.

गेल्या महिन्यात एनॉस पिकेट नावाच्या मजुराचा खटला माझ्यापुढे चालला. शेजाऱ्याचं कोठार पेटवल्याचा आरोप होता, आणि आत झोपलेला माणूस जळून मेला होता. गुन्हा शाबीत झाला तर फाशी. कोठारापासून पळणारा माणूस पाहिलेल्या मिसेस टटल साक्ष देऊन मागे जाऊन बसल्या. ज्युरीचे पंच निकालासाठी आत जाण्याआधी मी त्यांना सगळा पुरावा समजावून सांगितला. म्हणालो, कंदील घेऊन पळणारा माणूस एनॉसच होता, असं या बाईंनी शपथेवर सांगितलंय.

मागच्या बाकावरून मिसेस टटल ताडकन उठल्या. शिपायाला बाजूला सारून थेट माझ्या मेजापाशी आल्या आणि कानाशी तोंड आणून ओरडल्या, "तो नव्हता म्हणाले मी! नव्हता! माणूस मारताय का उगाच?"

कुणी हसलं नाही. दोन्ही वकिलांनी माना खाली घातल्या, आणि त्या माना बघून मला कळलं, की मला नीट ऐकू येत नाही, हे सगळ्यांना कधीचंच ठाऊक होतं. सांगायचा धीर तेवढा कुणाला झाला नव्हता.

मी भर कोर्टात चूक दुरुस्त केली. एनॉस सुटला. जाताना माझ्याजवळ थांबून काहीतरी म्हणाला. ओठ हललेले दिसले. मी मान डोलावली. दुसऱ्या दिवशी राज्यपालांकडे राजीनामा पाठवला. तेव्हापासून दाराशी कुणी येत नाही. आलंच तरी मला कसं कळणार म्हणा!

डॉक्टरांच्या मते डावा कान गेलाच आहे, आणि उजवा हिवाळा काढेल की नाही, सांगता येत नाही. तू लिहितेस, तुझी धाकटी प्रूडन्स आता दिवसभर बडबडते. पोरी, तिचा आवाज मी अजून ऐकलेला नाही. तू इतक्यांदा कॅन्ससला बोलावलंस आणि दर वेळी मी कोर्टाचं निमित्त सांगितलं. आता एकदाच बोलाव. बर्फ पडायच्या आत निघेन. आल्यावर तिला माझ्या उजव्या बाजूला बसव, आणि हळू बोल म्हणून दटावू नकोस.

तुझ्या होकाराकडे डोळे लावून बसलेला,
तुझाच,
बाबा