शिंग फुंकत ये

रक्तमास, चौथा दिवस
डुडा मीठवाल्याच्या झोपडीतून

ती. ताईस,
धाकट्या ओस्लाकचे गुडघे टेकून न. वि. वि.

कोकराच्या कातड्याचा हा तुकडा मिठाच्या गोणीतून येतोय, तेव्हा खारट वास आला तर नाक मुरडू नकोस. अक्षराला हसलीस तरी चालेल. मठाच्या शाळेतून पळालो तेव्हा निम्मीच विद्या झाली होती, उरलेली निम्मी वाटेवर सांडली.

आबा गेल्याचं कळलं तेव्हा मी समुद्रावर होतो. तिथे सील म्हणून एक जनावर असतं, वाळूवर लोळत पडतं आणि रुसलेल्या आत्यासारखं टक लावून बघतं. त्याच्या नादात तीन आठवडे गेले. तोवर आबांना मूठमाती दिली गेली, सरदारमंडळी बसली, आणि आबांच्या गादीवर काकांचा हेरेबर्टदादा आला. खोटं कशाला सांगू, मला बरंच वाटलं. राजा व्हायचं म्हणजे एका जागी बसायचं. आणि हेरेबर्टदादा म्हणजे मला घोड्यावर पुढ्यात घेऊन नदीवर नेणारा, पोहायला शिकवणारा.

मग परवा डुडा भेटला. त्याचं गाढव बदकांना घाबरतं, ती एक वेगळीच गंमत आहे, पण ती राहू दे. त्यानं सांगितलं की आपला टिलबर्टदादा गेला. ओकांच्या रानात, वाट सोडून आत. राजाच्या माणसांनी संताच्या अस्थींवर हात ठेवून शपथ घेतली म्हणे, की रानात कुणीतरी गपचूप चाललं होतं, ना हाक ना शिंग, आम्ही चोर समजून भाला टाकला, आणि बघतो तो धाकले मालक. कायदा तुला ठाऊकच आहे. वाट सोडून रानात शिरलेल्यानं ओरडावं नाहीतर शिंग फुंकावं. गप्प राहिला तो चोर, आणि चोराला मारलं तर तो खून नव्हे. हेरेबर्टदादा प्रेताला मिठी मारून रडला असं डुडा म्हणतो. डुडा असंही म्हणतो की टिलबर्टदादाचं शिंग कमरेला नव्हतं. ताई, तो तर जेवायला बसतानासुद्धा शिंग सोडत नसे.

आता आबांच्या मुलग्यांत मी एकटा उरलो. डुडाची बायको म्हणते की चेहरा राखेनं माखून ठेव. ठेवला आहे. काय करू ते कळव.

लोभ जिवंत माणसावर करतात तसाच असू दे.
तुझा,
ओस्लाक

---

रक्तमास, सातवा दिवस
नदीकाठचा मठ

चि. ओस्लाक यास,
अ. आ. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. वाचून होताच चुलीत टाकलं. आधी त्या हेरेबर्टला दादा म्हणणं सोड. दादा एकच होता आणि त्याला मी माझ्या हातांनी न्हाऊ घातलं. जखम पाठीत होती.

हेरेबर्ट परवा इथे येऊन गेला. उपासाचा दिवस होता, तरी दोन वाम मासळ्या खाल्ल्या आणि वर मलाच विचारलं की मठातल्या बायका एवढ्या का वाळल्यात. मग तुझा विषय काढला. ओस्लाक कुठे भटकतोय, थंडी पडली, त्याच्या अंगावर धड घोंगडी तरी आहे का, असं विचारताना डोळ्यांत पाणी आलं त्याच्या. बाळा, मला त्या पाण्याचीच भीती वाटली.

पण मीही आबांची लेक आहे. सगळ्या जोगिणींच्या देखत विचारलं, की ओस्लाकनं मुंडण करून मठ धरला तर त्याला जगू देशील का. मुंडण झालेला माणूस गादीवर बसत नाही हे पोरंही जाणतात. तो उठला. मग अस्थींच्या पेटीवर हात ठेवून म्हणाला की मुंडल्या डोक्यावर माझं हत्यार कधीच चालणार नाही. शपथ तो मोडणार नाही, देवाला भितो. म्हणूनच मला जास्त भीती आहे. त्याला शपथ न मोडता तू हवा आहेस. मुंडण होण्याआधी, रानात, गप्प.

तेव्हा पलीकडच्या काठाला पुरुषांचा मठ आहे तिथे जा. तिथल्या थोरल्या महाराजांशी माझं बोलणं झालंय. वाटेवर हेरेबर्टची माणसं बसलीत. घाटावरच्या होड्या त्यानं बांधून घातल्यात, आणि आमची मठाची होडी निघाली की त्याचा एक माणूस येऊन तीत बसतो. राहिलं रान, ते त्या मठाच्याच काठाला आहे. रानातून ये, पण शिंग फुंकत ये. घाबरलेला माणूस आवाज दाबतो आणि त्यातच मरतो.

तुझ्या केसांचं मला वाईट वाटतंय. तीन गावच्या पोरी रडतील. रडू देत.

या म्हातारीची आठवण ठेवून जपून राहावे.
तुझी ताई,
कुनेगिथ

---

रक्तमास, नववा दिवस
रानाच्या कडेला, बासा डुकरवाल्याकडे

ती. ताईस,
गुडघे टेकून न. वि. वि.

बासानं मला बैलाचं शिंग दिलं. हा बासा रानात डुकरं चारतो, ओकाची फळं खाऊन ती अशी माजलीत की मालकालाच ढुशा देतात. त्यातली एक डुकरीण आंधळी आहे आणि तरी सगळ्यांच्या पुढे चालते. मी तिच्यामागून चालत खूप लांब गेलो. नंतर ध्यानात आलं की आपण वाट सोडली.

तेव्हा शिंग तोंडाला लावलं, ताई. फुंक निघेना. ओठ कोरडे, जीभ लाकडाची. कुठेतरी फांदी मोडली आणि मी कायदाबियदा सगळं विसरून नेच्यांत आडवा पडलो, सशासारखा. दोन घोडेस्वार गेले. इतक्या जवळून, की घोड्याच्या पोटाखालचा चिखल दिसला. एक दुसऱ्याला सांगत होता की धाकटा केस राखून आहे, लांबून ओळखू येईल. दुसऱ्यानं विचारलं की त्यानं शिंग फुंकलं तर. त्यावर पहिला नुसता हसला. त्याच्या कमरेला दोन शिंगं होती. एकाला आबांनी बसवून दिलेला चांदीचा काठ.

म्हणजे टिलबर्टदादानं शिंग फुंकलं असेल की नाही, हे आता कोण सांगणार. मेलेल्याच्या कमरेचं शिंग सोडवून घेता येतं. ऐकणारे तेच, मारणारे तेच, शपथ घेणारेही तेच. मी एकटा फुंकून काय उपयोग.

बासा म्हणतो की डुकराच्या कातड्यात शिरून जा. त्याला ही थट्टा वाटते, मला ती नीट विचार करण्यासारखी वाटली. एवढा मी घाबरलोय.

माया पातळ होऊ देऊ नये.
ओस्लाक

---

रक्तमास, अकरावा दिवस
नदीकाठचा मठ

चि. ओस्लाक यास,
अ. आ. वि. वि.

तुझं म्हणणं खरं आहे, माझ्याच ध्यानात आलं नाही. शिंगाला ऐकणारा लागतो.

त्या रानात आपल्या मठाची डुकरं चरतात. एकोणीस डुकरवाले आहेत, बासा त्यातलाच. डुडा प्रत्येकाकडे मीठ पोचवतोय, हा जनावरं मारून खारवायचा महिना, त्याला कुणी अडवत नाही. मिठाबरोबर माझा निरोप जातोय. चौदाव्या दिवशी, ऊन पडल्यावर, रानात शिंग ऐकू आलं की ज्यानं ऐकलं त्यानं उत्तर द्यायचं. मग पुढच्यानं. तू कुठवर आलास हे एकोणीस माणसांना कळत राहील. एकोणीस जणांची साक्ष कुणालाही दडपता येत नाही. तुला मारायचं तर राजा म्हणून, उघड, राजपुत्राला मारल्याचं पाप माथ्यावर घेऊन मारावं लागेल.

कारण त्यांना मी सांगितलेलं नाही. एवढंच कळवलं की मठाधिपतीणबाईंना त्या दिवशी शिंगं ऐकायची हौस आलीय. म्हातारी वेडी झाली असं म्हणत असतील.

ओठांना चरबी लाव. थांबू नकोस. कुणी काही बोललं, काही दाखवलं, कुणी रडलं, तरी थांबू नकोस.

आशीर्वाद आहेतच, पावलागणिक आहेत.
ताई

---

रक्तमास, चौदावा दिवस, दुपार
नदीकाठचा मठ

चि. ओस्लाक,

आशीर्वाद वगैरे नंतर. सकाळपासून घंटेच्या मनोऱ्यात उभी होते. शिंगं ऐकली. एक, मग चार, मग मोजणं सुटलं. ओढ्यापाशी तुझा सूर बदलला, कापायला लागला, पण चालू होता. मग एकदम सगळं थांबलं. उत्तरंही थांबली.

समुद्राच्या भरतीची लाट नदीत शिरलीय, होडी सुटत नाही. डुडा लाट उतरली की निघेल. एक अक्षर लिही. काहीही.

ताई

---

रक्तमास, चौदावा दिवस, संध्याकाळ
पलीकडचा मठ

ती. ताईस,
गुडघे टेकून न. वि. वि.

आहे. जिवंत आहे. डोकं भादरलेलं आहे.

ओढ्यापर्यंत ठीक चाललं होतं. मी फुंकायचो, डावीकडून कुणीतरी उत्तर द्यायचं, मग लांबून आणखी कुणी. एकजण इतका बेसूर होता की मला हसू आलं, आणि हसता हसता ओढ्यात उतरलो तर पलीकडे हेरेबर्ट उभा. दोन माणसं मागे. हातात भाला.

मी फुंकलं. त्यानं मान वाकडी करून उत्तरं ऐकली, मोजली, ओठ हलत होते त्याचे. मग भाला माणसाकडे दिला, पाण्यात उतरला आणि माझ्या मानेवर हात टाकला, लहानपणी टाकायचा तसा. म्हणाला की चल, मी पोचवतो. तिथून मठापर्यंत तो माझ्या बाजूनं चालला. सारखा बोलत होता. आबांच्या कुत्रीला पिल्लं झाली, एक तुझ्यासाठी ठेवलंय. तुला पोहायला शिकवताना तू माझं बोट चावलं होतंस, खूण अजून आहे. अरे, जरा दम घे, किती फुंकशील, ओठ फाटलेत बघ. ते खरंच फाटले होते, रक्त हनुवटीवर आलं होतं. आणि ताई, दम घ्यायला मी थांबलो की मानेवरचा हात जड व्हायचा. फुंकलं की हलका. मी ते दोनदा करून बघितलं. मग बघितलं नाही.

फाटकातून आत आलो आणि महाराजांनी शिंग काढून घेतलं. देवळात चालत नाही म्हणे. म्हणून तुला ते थांबलेलं ऐकू आलं. कातर आणली, मेंढरांची. हेरेबर्ट म्हणाला की धाकट्या भावाचे केस मीच कापणार. महाराज बघतच राहिले. राजाला नाही कोण म्हणणार.

मी गुडघ्यांवर. कातरीचं टोक कानामागे. केस पडत होते आणि प्रत्येक बटीगणिक तो दाराकडे वळून बघत होता. मला वाटलं होतं की तो खुनशी असेल. तो घाबरलेला होता, माझ्यापेक्षा जास्त, आणि त्यानं माझा उरलासुरला धीर गेला. शेवटची बट राहिली तेव्हा कानाशी वाकला. अगदी हळू म्हणाला की टिलबर्टनं शिंग फुंकलं होतं. तीनदा. मी ऐकलं होतं.

मग बट कापली, कपाळाचा मुका घेतला आणि बाजूला झाला.

हे त्यानं मला का सांगितलं ते कळत नाही. मनावरचं ओझं उतरवलं की माझ्यावर ठेवलं. इथला नियम असा, की नव्या माणसानं उद्यापासून चाळीस दिवस मौन पाळायचं. हेरेबर्टला तो नियम माहीत होता, महाराजांना त्यानंच आठवण करून दिली. आणि तो गेलेला नाही. पाहुण्यांच्या खोलीत उतरलाय. चाळीस दिवस इथेच प्रार्थनेत काढणार म्हणतो. हत्यार चालवणार नाही अशी शपथ आहे, पण आज रात्री माझं ताट तो स्वतः वाढणार आहे.

आजचा दिवस बोलायला उरलाय, तो तुझ्याशी बोललो.

प्रेम कमी करू नकोस, मी गप्प असलो तरी.
ओस्लाक

---

रक्तमास, पंधरावा दिवस, पहाट
नदीकाठचा मठ

चि. ओस्लाक यास,
अ. आ. वि. वि.

काल रात्री जेवला नसशील अशी आशा धरून लिहितेय. हे पत्र तू वाचतोस की दुसरं कुणी, ते मला माहीत नाही. दुसरं कुणी असेल तर त्यानंही नीट वाचावं.

तू अजून पाद्री झालेला नाहीस. कानात सांगितलेलं पोटात ठेवायचं बंधन पाद्र्याला, तुला नाही. आणि मौन तुला आहे, मला कुणी घातलेलं नाही. हेरेबर्टनं आयुष्यभर माणसं गप्प कशी करायची एवढाच विचार केला, बायकांचा मठ त्याच्या हिशेबात आलाच नाही.

तुझं पत्र मी रात्री सगळ्या बत्तीस जोगिणींना वाचून दाखवलं, दोनदा. ज्यांना लिहिता येतं त्यांनी उतरून घेतलं. सात प्रती सात सरदारांकडे निघाल्यात. डुडाच्या गोणीत लपवलेल्या नाहीत, उघड्या हातात, दिवसाउजेडी. आता तुझ्या तोंडात एकट्याचं असं काही उरलेलं नाही, तेव्हा तुझं तोंड बंद करून कुणाला काही मिळणार नाही.

रात्रीची लाटही उतरलीय. आम्ही सगळ्या पलीकडे येतोय, दोन खेपांत. त्याचा माणूस नेहमीसारखा होडीत येऊन बसलाच आहे, त्याला वल्ही मारायला दिलीत. पाहुण्यांच्या खोलीबाहेर बसून चाळीस दिवस स्तोत्रं म्हणू, पाळीपाळीनं, खंड न पाडता. हेरेबर्ट झोपला नाही तर माझा इलाज नाही. तुझं ताट मी वाढेन आणि पहिला घास मी खाईन.

भीती वाटते रे. ही ओळ वाकडी गेली ती त्यानंच. टिलबर्टनं तीनदा फुंकलं त्या दिवशी वारा आमच्याकडे वाहत होता. मनोऱ्यात कुणी असतं तर ऐकू आलं असतं. आम्ही खाली जेवत होतो.

काठावर येऊन उभा राहा. बोलू नकोस, नुसता दिस.

तुझी ताई,
कुनेगिथ