बटण दाबायचं राहिलं

मस्कत,
ता. १७ ऑक्टोबर १९८६

प्रेमाताई,

गुणाचा नमस्कार. मी मजेत आहे. तुझे गुडघे कसे आहेत? माझ्या चौथीतल्या अक्षराला हसू नकोस.

कायमचं परत यायचं तिकीट आलं! तीन नोव्हेंबरला सकाळी नऊला मुंबईत सहारला उतरणार. मिक्सर घेतलाय, तुला छत्री घेतलीय. दोनदा बॅग भरली न् दोनदा उपसली. खोलीतला अनंता म्हणतो, "अरे, त्या बॅगेला तरी जरा बसू दे!"

तुमची कॅसेट मिळाली. सगळे झकास बोललात. माझी बायको मात्र एवढंच म्हणाली, "मी बरी आहे. तब्येत सांभाळा." हापिसात नोटीस वाचतात तसं.

आता एक सांगतो, रागावू नकोस. तू "चला, झालं" म्हणून दूध बघायला गेलीस, पण टेप बंद करायचं विसरलीस. मालन आणि शेजारच्या विमलावहिनी बोलत राहिल्या.

वहिनी म्हणाल्या, "काय गं, नवरा येतोय आणि तोंड का पाडलंस?"

मालन म्हणाली, "चार वर्षांत दोनच महिने घरी राहिलेत. कायमचे आले न् आमचं पटलंच नाही, तर?"

ताई, वाट लागली माझी. इथे फोरमनने अजून दोन वर्षांचा कागद पुढे केलाय. मी सही करणार होतो. तुला लिहिणार होतो, पैशासाठी थांबतोय. खोटं. मलापण तीच भीती आहे. गेल्या खेपेला खोलीत आम्ही दोघंच उरलो की मी उगाच चेकनाक्यावर जाऊन ट्रक बघत उभा राहायचो. तिने एकदाही विचारलं नाही, कुठे जाता.

पहिल्यांदा तिथेच बंद केली होती, पण काल कॅसेट परत लावली, शेवटपर्यंत. शेवटाला वहिनी विचारतात, "मग काय, येऊच नये म्हणतेस?"

मालन ओरडलीच, "असं कुठे म्हटलं मी? येऊ देत की! भांडू तरी समोरासमोर!" आणि जी हसली ना, ताई! लग्नापासून तिला असं हसताना मी ऐकलंच नव्हतं. पाच वेळा ऐकलं. अनंताने शेवटी टेपच उचलून नेला.

आज सकाळी कागद कोराच परत दिला.

एकच मागणं आहे. टेम्पो करून अख्खी दहिसरची चाळ विमानतळावर आणू नकोस. हारबीर नकोत. मालनला एकटीला पाठव. मी ऐकलंय ते तिला सांगू नकोस, मीच सांगीन. नको म्हणाली तर जबरदस्ती करू नकोस, मी रिक्षा करून येईन.

पण येईल ना गं ती?

घाबरलेला आणि लई खूश,
तुझा धाकटा
गुणाजी