टिमी क्लेगचं पुनरागमन

सोमवार, ३ फेब्रुवारी. सकाळी ११.१०
नवी वही काढली. कारणच तसं आहे. लिनेटचा फोन आला. लिनेट म्हणजे माझी एजंट. गेल्या वर्षी तिचा एकदाच फोन आला होता, तोही चुकून लागलेला. आज मात्र मुद्दाम केला. 'टॅनरी लेन' या टीव्ही मालिकेवाल्यांनी माझी चौकशी केली म्हणे. टिमी क्लेगचं कथानक पुन्हा उघडताहेत.

नोंद असावी म्हणून लिहितो. नवव्या वर्षी मी टिमी झालो. चौदाव्या वर्षी टिमी "गृहपाठ करतो" म्हणून जिना चढून वर गेला, तो सत्तावीस वर्षं खाली आलेला नाही. लोक म्हणतात मला काढलं. काढलेलं नाही. मी वर आहे.

उद्यापासून चिप्स बंद. रोज अर्धा तास आवाजाचा रियाज. केसांचं काय करायचं, ते नंतर ठरवू.

मंगळवार, ४ फेब्रुवारी
कार्पेटच्या दुकानात राजीनामा दिला. नोकरी तात्पुरतीच होती, अकरा वर्षं. मॅनेजर पिकरिंगसाहेबांनी कागद वाचला, घडी घातली आणि खणात टाकला. तिथे माझे आधीचे तीन होते. वर विचारतात, गुरुवारी माल उतरवायला येशील ना? जळफळाट, दुसरं काय. येईन म्हटलं. कलावंताने पाय जमिनीवर ठेवावेत.

चिप्स खाल्ल्या. पण सोबतचा तळलेला मासा घेतला नाही, म्हणजे निम्मा संकल्प पाळला.

शुक्रवार, ७ फेब्रुवारी
लिनेटचा पुन्हा फोन. टिमी मरणार आहे.

मग डोक्यात प्रकाश पडला. मृत्यूचा प्रसंग! बक्षिसं मरणाऱ्यांनाच मिळतात. दुखणं लांबलं तर मार्च अख्खा शूटिंगमध्ये जाईल. आजारी माणूस बारीक हवा. चिप्स सोमवारपासून कडक बंद.

संध्याकाळी स्वयंपाकघरात सराव केला. फ्रीजला टेकून हळूहळू घसरत खाली, डोळे अर्धे मिटलेले. थोरली बहीण डोरीन आत आली (घर तिचं, घटस्फोटापासून मी सध्या इथे असतो). माझ्या अंगावरून पाय टाकून तिने दूध घेतलं आणि म्हणाली, खाली पडलाच आहेस तर फ्रीजखालचं पुसून घे.

पुसलं. फार घाण होती.

बुधवार, १२ फेब्रुवारी
बेरिल ऑर्मरॉडबाईंकडे चहाला गेलो. मालिकेतली माझी आई. वय अठ्ठ्याहत्तर, अजून आठवड्याचे तीन दिवस काम करतात. मला दर वाढदिवसाला कार्ड पाठवतात. मला पाठवायला जमत नाही, मी कामात असतो.

बाईंनी स्क्रिप्ट वाचली होती. टिमी कॅनडात मरतो. वरच्या खोलीतून कॅनडाला कधी गेला, हे त्यांनाही कुणी सांगितलेलं नाही. बातमी फोनवर येते. मी विचारलं, म्हणजे मी फोनवर बोलतो? नाही रे बाळा, म्हणाल्या, फोन हॉस्पिटलातून येतो. मग भूत होऊन येतो का? बाईंनी माझ्या बशीत केकचा दुसरा तुकडा वाढला. शवपेटीवर टिमीचा फोटो असणार आहे, म्हणाल्या. तो मोठेपणीचा हवाय, म्हणून तुला शोधलं.

परतताना बसमध्ये विचार केला. फोटो म्हणजे क्लोजअप. तोही प्रसंग संपेपर्यंत. एवढा क्लोजअप मोठमोठ्यांना मिळत नाही.

गुरुवार, २० फेब्रुवारी
सॅल्फर्ड, स्टुडिओ. गेटवरच्या माणसाला माझं नाव कलाकारांच्या यादीत सापडेना. शेवटी सामानाच्या यादीत सापडलं, खुर्च्या आणि फुलांच्या मध्ये. कारकुनी चूक.

फोटोला चार मिनिटं लागली. मी तीन भाव दिले: पश्चात्ताप, परदेशातला एकटेपणा, आईची आठवण. फोटो काढणारी मुलगी म्हणाली, काका, नुसतं हसा.

सोमवार, २४ फेब्रुवारी
अंत्यसंस्काराचं शूटिंग. मला बोलावलं नव्हतं, बेरिलबाईंनी बोलावून घेतलं. फोटोकडे बघून त्यांना रडूच येईना. तीन टेक वाया गेले. मग त्या दिग्दर्शकाला म्हणाल्या, पोराला कॅमेऱ्याशेजारी उभा करा.

उभा राहिलो. काही करायचं नव्हतं. कुठला भाव द्यावा, हे आयुष्यात पहिल्यांदाच सुचलं नाही. बाई माझ्याकडे बघत राहिल्या. मग स्क्रिप्टमध्ये नसलेलं बोलल्या.

"मी हाक मारायला हवी होती रे. सगळे जेवायला बसलो आणि तुला कुणी हाकच मारली नाही."

माझ्या नाकातून पाणी आलं. लिलीच्या फुलांची मला ॲलर्जी असणार.

एकंदरीत, बाईंना रडवलं ते माझ्या मौनाने. निघताना त्यांनी माझी कॉलर नीट केली आणि म्हणाल्या, दुकानातलं काम सोडू नकोस हं, बाळा. सगळ्याच आया असं बोलतात.

सोमवार, ३१ मार्च. रात्री ८.१५
भाग लागला. डोरीनने सॉसेज रोल केले होते. पिकरिंगसाहेब बायकोला घेऊन आले, टाय लावून.

लिलीचा गुच्छ फोटोच्या पुढे ठेवला होता. माझं कपाळ दिसलं, थोडा डावा कानही. बाईंचं ते वाक्य कापलंय. रडणं ठेवलंय.

डोरीनने शेवटचा रोल उचलून माझ्या बशीत ठेवला. टोमणा मारला असता तर बरं झालं असतं.

मंगळवार, १ एप्रिल
दुकान. सकाळी एक वयस्क बाई आल्या, मिसेस सग्डन. बेडरूमसाठी कार्पेट हवं होतं. नमुने बघायचे सोडून माझ्याकडेच टक लावून बघत राहिल्या. मी ओळखलं. सावकाश खिशातून पेन काढलं, टोपण उघडलं.

म्हणाल्या, तुम्ही थेट त्या 'टॅनरी लेन'मधल्या टिमीसारखे दिसता. काल गेला बिचारा. लहानपणी काय गोड होता.

लोक म्हणतात तसं, मी म्हणालो.

"तुमचं बरं आहे," त्या म्हणाल्या. "पक्की नोकरी आहे."

पेन उघडंच होतं. खोलीचं माप लिहून घेतलं. बारा फूट बाय साडेदहा.